बुधेचे हसू

मित्रांनो, मी एक जुना मोबाइल आहे. माझ्या काचेवर डाव्या कोपऱ्यात तेलाचा पिवळट डाग आहे. तो कसा पडला ते सांगतो. पण मला सगळे नीट समजले आहे, असे मात्र धरून चालू नका.

माझा जन्म कुठल्याशा कारखान्यात झाला. मला आठवतो तो जावा बेटावरच्या वोनोसारी गावचा बाजार. विलुजेंग नावाच्या मुलीने मला विकत घेतले. बाजारात तिच्या मावशीची, सुतिनाहची, तळणाची गाडी होती. विलुजेंग तिला बुधे म्हणे, म्हणजे आईची थोरली बहीण. बुधे तेंपेचे, म्हणजे आंबवलेल्या सोयाबीनचे, काप पिठात बुडवून तळायची.

बुधेला लाताह नावाचा विकार होता. कोणी दचकवले की तिच्या तोंडून भलतेच शब्द बाहेर पडत, आणि समोरचा "नाच!" म्हणाला की तिचे पाय आपोआप नाचत. एकदा मागे कोणाचे तरी भांडे पडले. बुधे दचकून "कोंबडा, कोंबडा!" ओरडली आणि झारा हातात घेऊन नाचली. मी ते टिपले.

"बुधे, हा व्हिडिओ टाकू का सगळ्यांना बघायला?" विलुजेंगने विचारले.

"हो, हो. टाक की, तुला हवं तर," तोंडावर हात ठेवून बुधे हसली.

त्या बाजारात तोंडावर नाही म्हणायची रीत नव्हती. नको असले तरी हसून हो म्हणायचे आणि ऐकणाऱ्याने काय ते ओळखायचे. विलुजेंगला हे लहानपणापासून ठाऊक होते. मला कोठून असणार? मला ते हसूच वाटले.

माझ्या काचेवर लाल बदामांचा पूर आला. लोक मला शाबासकी देऊ लागले, "काय झकास चित्र येतं याचं!" मी फुगलो, खोटे कशाला बोलू? मग रोज दोन-तीनदा बुधेला दचकवणे सुरू झाले. परगावचे लोकही आपापले मोबाइल घेऊन येऊ लागले.

"मावशी, साप!"

"साप, साप, तुझा बाप!" बुधे उडी मारायची. लोक पोट धरून हसायचे. बुधेही हसायची. पण गर्दी पांगली की ओढणीने मान पुसत गाडीमागे बसून राहायची. दोन्ही मी पाहिले. खरी बुधे कोणती, याचा मला उलगडा होईना.

एका रविवारी विलुजेंगने मला कढईसमोर उभे केले. जे घडत होते ते लोकांना आपापल्या मोबाइलवर तेव्हाच दिसत होते. बुधेने पळीभर कढत तेल उचलले होते. लाल टोपीवाला एक पाहुणा मागून ओरडला, "ओत!"

बुधेच्या हाताने ओतले. तेल तिच्याच पायावर पडणार, तोच विलुजेंगने आपला हात मध्ये घातला. तिची किंकाळी मी ऐकली. एक थेंब माझ्यावरही उडाला. आणि मित्रांनो, त्याच क्षणी काचेवर पूर्वी कधी आले नव्हते इतके बदाम आणि हसरे चेहरे आले. लोक कशाला हसत होते? मी अजून विचार करतो.

बुधेने विलुजेंगचा भाजलेला हात पाण्याच्या बादलीत धरला. विलुजेंग रडत म्हणाली, "मला कळत होतं, बुधे. तुझं हो म्हणजे हो नव्हतं. पहिल्या दिवसापासून कळत होतं गं."

बुधे माझ्याकडे बोट दाखवून म्हणाली, "नको. बंद कर ते."

तिच्या तोंडून 'नको' मी पहिल्यांदाच ऐकले. त्यानंतरचे मला माहीत नाही. मला बंद केले.

आता मी पिठाच्या डब्याशेजारी पडून असतो. विलुजेंग कधीतरी माझा दिवा लावून कढईत बघते. तिच्या हातावर माझ्या डागासारखाच डाग आहे. कोणी चित्र काढायला आले तर बुधे सरळ नको म्हणते, आणि विलुजेंग पाहुण्याला गाडीमागे फिरकू देत नाही.

मित्रांनो, माझा डोळा फक्त टिपतो. हसणाऱ्या माणसाला खरोखर हसू येते आहे का, हे मला आजही ओळखता येत नाही. तुम्हाला येते. माझ्यासारख्याला हातात उचलाल, तेव्हा आधी समोरच्या चेहऱ्याकडे स्वतः बघा. तेवढे काम माझ्यावर सोडू नका.