केतुराची शंभरी

मिस गिटेन्सनं जन्ममृत्यूच्या जुन्या वहीतल्या एका ओळीखाली पट्टी धरली, चष्मा काढून पुसला, परत घातला आणि तीच ओळ पुन्हा वाचली.

"वरेल," ती म्हणाली, "ही बाई मेलेली आहे."

चर्चच्या मागच्या खोलीत मी दाराला टेकून उभा होतो. म्हटलं, "कोण बाई?"

"केतुरा ब्लॅकेट. रविवारी जिची शंभरी आहे ती. अठराशे अठ्ठ्याण्णवच्या मार्चमध्ये पुरलंय तिला. वय एक वर्ष चार महिने."

"कालच तर तिनं मला झापलं. खुर्ची ओढताना फरशीवर ओरखडा पाडला म्हणून."

मिस गिटेन्सला हसू आलं नाही. तसं ते तिला कधीच लवकर येत नसे. तिनं पानं पुढं उलटली. सप्टेंबर महिना आला, पट्टी सरकली आणि थांबली. त्याच आईबापांना मुलगी झाली होती. नाव केतुरा आयोन ब्लॅकेट.

"बघ," ती म्हणाली. "पहिली गेली, सहा महिन्यांनी दुसरी आली. तिला तेच नाव दिलं."

आमच्याकडे तेव्हा अशी पद्धत होती. पोर गेलं तर त्याचं नाव पुढच्या पोराला द्यायचं, नाव फुकट घालवायचं नाही. माझ्या आजोबांच्या घरात दोन एल्रिक होते, एक जमिनीखाली आणि एक जमिनीवर. पण केतुराच्या आईबापांनी नावाबरोबर जन्माचा दाखलाही तोच वापरला. घरच्या बायबलमध्ये जपून ठेवलेला एक कागद होताच, दुसऱ्यासाठी कोण शहरात चालत जातंय?

"म्हणजे म्हातारी अठ्ठ्याण्णव वर्षांची?"

"अठ्ठ्याण्णवची," मिस गिटेन्स म्हणाली आणि वही मिटली. तिचा चेहरा उतरला होता. मला वाटलं होतं, चोर पकडल्याचा आनंद दिसेल. तसं काही दिसलं नाही.

मी गव्हर्नर जनरलांचा ड्रायव्हर. राणी राहते लंडनला आणि बार्बाडोसमध्ये तिच्या जागी आमचे साहेब, सर डार्नली. गाडीला नंबर नाही, नंबराच्या जागी मुकुट. माझी मेहुणी म्हणते, "तुझ्या साहेबाचं बरंय बाबा. दुसऱ्यानं लिहिलेलं भाषण वाचायचं, दुसऱ्यानं ठरवलेल्यावर सही ठोकायची आणि वर सलाम घ्यायचे. असली नोकरी मला पण बघ." तिला काय उत्तर द्यायचं? खोटं तर काही बोलत नाही. पण एक काम साहेबांचं स्वतःचं असतं. बेटावर कुणाला शंभर वर्षं पूर्ण झाली की साहेब स्वतः त्याच्या घरी जातात, राणीचं कार्ड वाचून दाखवतात, शेजारी बसून केक खातात. मग ते घर बंगला असो नाहीतर उसाच्या कडेचं दोन खोल्यांचं लाकडी खोकं असो.

ही सगळी व्यवस्था मिस ओरिएल गिटेन्सची. एकतीस वर्षं ती हापिसात कारकून. आली तेव्हाही करड्या रंगाचा स्कर्ट, आजही करड्या रंगाचा स्कर्ट. लग्न नाही, भांडण नाही, उशीर नाही. सहा साहेब आले नि गेले, त्यातल्या एकानंही तिला कधी "तुला काय वाटतं?" असं विचारलेलं मी ऐकलं नाही. तिच्या यादीत दोनशे बारा शंभरीवाले होते आणि दोनशे बाराही अस्सल. दाखला असला तरी शंका आली की ती चर्चची वही बघणारच. एकदा एका मंत्र्याच्या काकाची शंभरी तिनं तीन वर्षं पुढं ढकलली. काका तीन वर्षांनी खऱ्या शंभरीला नाचले.

या वेळी शंका आली ती वादळामुळं. गुरुवारी आम्ही केतुराच्या घरी खुर्च्या कुठं मांडायच्या ते बघायला गेलो होतो. म्हातारी गप्पांत म्हणाली, "मी मोठ्या वादळात जन्मले. छप्पर उडालं आणि मी आले." तिची मुलगी युडीन हसली, "मा, किती वेळा सांगायचं? वादळ तू दोन वर्षांची असताना झालं." घरातले सगळे हसले. मिस गिटेन्स तेवढी हसली नाही. ते वादळ अठराशे अठ्ठ्याण्णवच्या सप्टेंबरातलं, हे तिला पाठ होतं. शुक्रवारी सकाळी ती मला घेऊन चर्चमध्ये हजर.

कार्ड लंडनहून आलेलं होतं. घराला नवा निळा रंग लागला होता. केतुराची दोन मुलं इंग्लंडहून येऊन उतरली होती.

चर्चमधून आम्ही थेट साहेबांकडे गेलो. साहेब व्हरांड्यात कागदांवर सह्या करत होते. पूर्वी ते शाळेचे हेडमास्तर, त्यामुळं सही करतानाही पेपर तपासल्यासारखे करत. मिस गिटेन्सनं उभ्या उभ्याच सगळं सांगितलं. मी पायरीवर होतो, कान काही मिटता येत नाहीत.

साहेबांनी पेन खाली ठेवलं. "हा कायदा बघा, मिस गिटेन्स. कुत्र्यांना साखळी बांधण्याचा. माझ्याकडे तीन कुत्री आहेत, त्यांतलं एकही साखळी ऐकत नाही. मला हा कायदा अजिबात आवडलेला नाही. तरी मी सही करणार. का?"

"पंतप्रधानांनी सल्ला दिलाय म्हणून, सर."

"बरोबर." आमच्या सरकारी घरात सल्ला म्हणजे ऐकलं तर ऐकलं असं नसतं. सल्ला आला की साहेबांनी तसं करायचं, विषय संपला. "आता शंभरी. ह्या बाबतीत पंतप्रधान मला सल्ला देत नाहीत. कोण देतं?"

मिस गिटेन्सनं चष्मा सारखा केला.

"तुम्ही देता. एकतीस वर्षं तुम्हीच देत आलाय, फक्त तुमच्या लक्षात आलेलं नाही. मला उद्या संध्याकाळपर्यंत एक ओळ लिहून द्या. जावं की जाऊ नये. जे लिहाल ते मी करीन आणि कारण विचारणार नाही."

"सर, वही सांगते की..."

"वहीला मी विचारलेलं नाही."

परत येताना ती माझ्या शेजारी बसली. एरवी मागं बसायची. अर्धा रस्ता झाल्यावर म्हणाली, "नाही असंच लिहायला पाहिजे ना रे?"

"मला काय विचारता? मी ड्रायव्हर."

"सगळे माझ्यावरच टाका," ती म्हणाली. आवाज चिडका होता, पण डोळे भरलेले होते. मी रस्त्याकडं बघत राहिलो.

तिसऱ्या प्रहरी ती म्हणाली, म्हातारीला तोंडानं सांगितल्याशिवाय कागदावर लिहिणार नाही. मग माझ्या स्वतःच्या जुन्या गाडीतून आम्ही परत केतुराच्या घरी गेलो.

युडीन दारातच होती. चौऱ्याहत्तर वर्षांची बाई, पण त्या दिवशी सोळाची झाली होती. "या, या मिस गिटेन्स! रंग ओला आहे, टेकू नका. केक पाहिलात? सुकामेवा पाच महिने रममध्ये भिजत होता, नुसत्या वासानं पाद्री डुलायला लागेल. आणि समोरच्या मिसेस यिअरवूडला म्हणे आमच्याकडं साहेब येणार हे पटतच नाही! चाळीस वर्षं नाक वर करून चाललीय ती आमच्यासमोरून. रविवारी तिला पहिल्या रांगेत बसवते की नाही बघा."

मिस गिटेन्सनं दोनदा तोंड उघडलं आणि दोनदा मिटलं. शेवटी म्हणाली, "मला आजींशी जरा एकटीला बोलायचंय. मान कशी झुकवायची, वगैरे."

मी उशी पोचवायला आत गेलो आणि तिथंच राहिलो. मला कुणी जा म्हटलं नाही.

केतुरा खिडकीपाशी बसली होती. डोळ्यांनी जवळजवळ काही दिसत नव्हतं, कान मात्र तिखट. लग्न तिनं केलं नाही, पण सहा मुलं वाढवली, उसाच्या मळ्यात पन्नास वर्षं वाकली. मिस गिटेन्स तिच्यासमोर बसली आणि सरळ मुद्द्यावर आली.

"आजी, तुम्हाला एक बहीण होती."

"कुठली? जिचं नाव मला लागलं ती?"

मी उशी तशीच धरून उभा.

"तुम्हाला ठाऊक आहे?" मिस गिटेन्सनं विचारलं.

"अगं पोरी, मला नाही तर कुणाला ठाऊक असणार? चर्चमागं चिंच आहे, तिच्या खाली आहे ती. दगड नाही, काही नाही. दगडाला पैसे कुठले? आई दर ईस्टरला गवत काढायला न्यायची. म्हणायची, तिथं पाय देऊ नकोस, तिथं केतुरा आहे. मी सात वर्षांची होते. मी विचारलं, मग मी कोण? अशी ठेवून दिली एक कानाखाली, अजून आवाज येतो." म्हातारी खुदकन हसली. "परत विचारलं नाही."

"मग हे सगळं होऊ का दिलंत? रंग, केक..."

"मी बोंबलून सांगतेय, वादळात जन्मले, वादळात जन्मले. पोरं म्हणतात मा वेडी झाली. मला अक्षर येत नाही. कागदात शंभर लिहिलंय म्हणतात, असेल बाई."

मिस गिटेन्सनं मान खाली घातली. "मला नाही असं लिहून द्यावं लागेल, आजी."

"दे की. राणीच्या कार्डाशी मला काय करायचंय? भिंतीला लावीन आणि दिसणार नाही." मग ती हातानं खिडकीची कड चाचपत राहिली. "फक्त एक वाटतं बघ. शाळेत तिच्या कागदावर गेले. चर्चमध्ये तिच्या कागदावर. माझ्या सहा पोरांचे कागद तिच्या कागदावरून झाले. आई मला हाक मारायची ना, तेव्हा कधीकधी वाटायचं, ही मला नाही मारत. शंभर वर्षं खरी तिचीच. आणि तिच्याकडं कधी कुणी आलं नाही गं. आई गेल्यावर मीच जायची. आता माझेही पाय गेले."

मिस गिटेन्स रडली. आवाज न करता, रुमाल न काढता, नुसती रडली. एकतीस वर्षांत मी तिला तसं पाहिलं नव्हतं. मलाही गलबलून आलं, खोटं कशाला बोलू.

थोड्या वेळानं तिनं नाक पुसलं. "युडीनला कोण सांगणार?"

"मी सांगीन," म्हातारी म्हणाली. "आधी रंग वाळू दे."

शनिवारी संध्याकाळी मिस गिटेन्सनं साहेबांना पाकीट दिलं. आत काय होतं ते साहेबांनी मला गाडीत दाखवलं. तिच्या बारीक, सरळ अक्षरात एकच ओळ. "केतुरा आयोन ब्लॅकेट हिचा जन्म ३ नोव्हेंबर १८९६ चा, सरांनी तिला भेटायला जावं, असा माझा सल्ला आहे." खाली सही. त्यात एक शब्द खोटा नव्हता. पेपरवाल्यांना मात्र तिनं कळवलं नाही आणि दोनशे तेरा हा आकडाही यादीत घातला नाही.

रविवारी प्रार्थना संपल्यावर म्हातारीनं हट्ट धरला की आधी चिंचेखाली जायचं. युडीन चिडली. "मा, घरी माणसं ताटकळलीत! मिसेस यिअरवूड येऊन बसलीय!"

"बसू दे. केक काय पळून जातोय?"

मी चाकांची खुर्ची गवतातून ढकलली. चिंचेखाली उंचवटा असा नव्हताच, जमीन थोडी दबलेली होती एवढंच. केतुरानं पाय पुढं करून चाचपलं आणि म्हणाली, "बास. इथं." मी ब्रेक लावला. साहेब पांढऱ्या पोशाखात आले, छातीवर पदकं, मागं मिस गिटेन्स, आज तिनं टोपी घातली होती. युडीन एकदा आईकडं, एकदा त्या दबलेल्या जागेकडं बघत होती. मग तिच्याही काहीतरी ध्यानात आलं असावं, कारण ती बोलायची थांबली.

साहेबांनी कार्ड काढलं, घसा खाकरला आणि पार्लमेंटमध्ये वाचतात त्या आवाजात सुरुवात केली.

"केतुरा आयोन ब्लॅकेट, आपल्या शंभराव्या वाढदिवसानिमित्त..."

म्हातारीनं हात वर केला.

"एवढ्या मोठ्यानं नको, साहेब. दचकेल. लहान आहे ती."

साहेब थांबले. स्वतःची टोपी काढून त्यांनी मिस गिटेन्सच्या हातात दिली. मग पांढऱ्या पोशाखाचा विचार न करता गवतात गुडघे टेकले आणि पहिल्या शब्दापासून, हळू, पुन्हा वाचायला लागले.