ब्रॅमलीसाहेबांचा शंभरावा गोल

कातड्याच्या चार चकत्या एकावर एक, मधून तीन खिळे, आणि फटीत सदर बाजारच्या मैदानाची वाळलेली माती... ब्रॅमलीसाहेबांच्या फुटबॉलच्या बुटाच्या तळातून निखळलेला स्टड गेले तीन आठवडे अच्युतच्या टेबलावर पडून होता. सामना संपल्यावर गवतात सापडला. परत द्यायचा म्हणून त्यानं उचलला, आणि परत द्यायला गेलं की बोलावं लागेल म्हणून ठेवून दिला.

आज मात्र बोलायलाच हवं होतं. साहेबांची बदली झाली होती, संध्याकाळच्या गाडीनं ते कलकत्त्याकडे निघणार होते. आणि बोलायचं तरी काय, चार शब्द — मी पाहिलं नाही, साहेब.

दोन लढायांच्या मधल्या काळात साहेब विलायतेत पोटासाठी फुटबॉल खेळत. नामवंत क्लबांत नव्हे. तिसऱ्या विभागात, गिरण्यांच्या गावांत, जिथे शनिवारी दुपारचा भोंगा झाला की लोक काळ्या हातांनी तसेच मैदानावर येत. अकरा वर्षं, तीन क्लब, नव्व्याण्णव गोल. एकदाच एका मोठ्या क्लबाचा माणूस त्यांना पाहायला आला, आणि त्या दिवशी असं धुकं पडलं की साहेबांचे दोन्ही गोल प्रेक्षकांना खेळाडूंच्या ओरड्यावरूनच कळले. तो माणूस चहा पिऊन परत गेला. मग गुडघा गेला, आणि साहेब फोरमन होऊन जबलपूरच्या तोफगाड्यांच्या कारखान्यात आले. इथे आठ वर्षं त्यांनी कारखान्याच्या टीमसाठी नुसती शिट्टी वाजवली. या हिवाळ्यात दोन गडी मलेरियानं पडले, तेव्हा त्रेचाळिसाव्या वर्षी त्यांनी स्वतः बूट बांधले. शंभरावा गोल कुठेही झाला तरी चालेल, असं त्यांनी ठरवलं होतं. विलायतेतल्या फुटबॉलवाल्यांना तो चालेल का, हे विचारलं नव्हतं.

अच्युत लाइन्समन झाला तो त्यांच्याच हट्टानं — कारखान्यातली सगळ्यांत कडक नजर म्हणून. तोफगाड्यांचे सुटे भाग तो तपासायचा. मापात बसला तर शिक्का, नाही बसला तर लाल रंग, आणि शंका आली तर... लालच. सख्ख्या मेहुण्यानं घडवलेले भाग त्यानं तीनदा परत पाठवले होते. तेव्हापासून सासरी त्याच्या वाटीत आमरस सगळ्यांच्या शेवटी पडायचा. त्यात त्याला मानच वाटायचा.

त्या दिवशी समोर पलटणीची टीम, उतरतं ऊन थेट डोळ्यांवर. चेंडू पुढे सुटला त्या क्षणी साहेब पलटणीच्या शेवटच्या गड्याच्या पुढे होते की मागे? ठाऊक नाही. नुसता पांढरा उजेड होता. शंका आली — आणि चौदा वर्षांच्या सवयीनं हात वर गेला, निशाणासकट: ऑफसाइड, म्हणजे गोल झाला तरी बाद. तेवढ्यात चेंडू जाळीत... साहेब दोन्ही हात पसरून वळले, आणि वळता वळता त्यांना ते निशाण दिसलं. हात हळूहळू खाली आले. भांडले नाहीत. भांडले असते तर बरं झालं असतं. पुढच्याच धावेत गुडघा पुन्हा गेला, आता कायमचा.

“काहून बे अच्युत,” पलीकडच्या टेबलावरून मुरलीधर म्हणाला, “अजून सुतक पाळून राहिला का? गोल साहेबाचा गेला, तुझं काय गेलं?”

“आज सांगून टाकतो त्यांना.”

“काय सांगतो?”

“की मला दिसलंच नव्हतं.”

मुरलीधरनं डबा उघडता उघडता हात थांबवला. “अच्छा! आणि उद्यापासून तुझा शिक्का कोण मानंल? लढाई चालू आहे, भैया. चलो, पोळी खा.”

तेवढ्यात साहेबच आले, काठी टेकत, टेबलामागून टेबल हात मिळवत.

“अच्युत बाबू. हम जाता है.”

अच्युत उभा राहिला. “साहब, वो गोल...”

“ऑफसाइड था,” साहेब म्हणाले. “पहले हमको लगा, नहीं था. फिर बहुत सोचा. अब बराबर याद आता है. एक गज आगे था हम. तुम्हारा आँख झूठ नहीं बोलता, बाबू. विलायत में बहन को भी लिख दिया, निन्यानवे.”

“साहब, मैं...”

“गुड मॅन,” म्हणत त्यांनी त्याचा हात दाबला आणि पुढच्या टेबलाकडे वळले. दारापर्यंत वीस पावलं, त्यात लंगडा पाय. हाक मारायला भरपूर वेळ होता. मुरलीधर त्याच्याकडे बघत होता. अच्युतनं हाक मारली नाही.

आधी सुटल्यासारखं वाटलं, त्याची लाज मागाहून आली. मग रोजच्यासारखा तो क्षण त्यानं आठवायला घेतला... उतरतं ऊन, सुटलेला चेंडू, पांढरा उजेड — आणि त्या उजेडात साहेब उभे होते. पाठमोरे, स्पष्ट, सगळ्यांच्या पुढे, गवतावर लांब सावली. तीन आठवडे तिथे कुणीही नव्हतं. त्यानं डोळे मिटले, तर साहेब अधिकच ठळक झाले. एक गज. मोजून एक गज.

उद्या कुणी विचारलं, तर तो सांगेल — पाहिलं, या डोळ्यांनी पाहिलं. आणि सांगताना त्याला जराही शंका नसेल.