काकीने वाटलेली हळद

अनुशीलाच्या हळदीला फिजीतल्या आमच्या लंबासा गावच्या साऱ्या बायका जमल्या होत्या. फक्त तिची सूरजमती काकी मागच्या स्वयंपाकघरात एकटी कसाव्याचे कंद सोलत होती. विधवेची सावली नवरीवर पडायची नाही ना! तिच्या हातचं जेवण मात्र सगळ्यांना चालतं.

हळद लावण्याआधी बायका म्हणाल्या, "अगं, तुझा तो कॉलेजचा सिनेमा दाखव की!"

अनुशीलाने मांडवात पडदा म्हणून चादर टांगली. सिनेमात ना चेहरा, ना बोलणं. नुसते दोन हात. मासे साफ करणारे, नारळ खवणारे, ऊसतोड्यांचे डबे भरणारे. मग संध्याकाळी रिकाम्या ओसरीवर मांडीत पडून राहिलेले.

"बिमला, तुझेच गं हे!"

"माझे? एवढं काम केलं असतं तर मी अशी गुटगुटीत राहिले असते का?"

सगळ्या खिदळल्या. शेवटी तेच हात पाट्यावर हळद वाटू लागले. "हे आज सकाळचं," अनुशीला म्हणाली.

या वेळी मनगटंही दिसत होती, उघडी. एकही बांगडी नाही. त्या घरात तशी मनगटं एकीचीच. हसणं थांबलं. समोर हळदीची वाटी भरलेली होती. हळद सुवासिनीनेच वाटायची हा नियम. पण पहाटे उठायला एकतरी सुवासिनी तयार होती का?

आजी कडाडली, "अपशकुन! फेका ती हळद!" आणि सवयीने आत हाक मारली, "सूरजमती, दुसरी हळद वाट गं पटकन!"

काकी दारात आली. हात पुसत हळूच म्हणाली, "नाही सासूबाई. आता मी नाही वाटणार." आणि परत आत गेली.

अनुशीला उठली, वाटी उचलून स्वयंपाकघरात गेली आणि काकीसमोर बसली.

"लाव."

"वेडी का तू? तुझं काही वाईट झालं तर? मलाच बोल लावतील."

"लहानपणी रोज न्हाऊ घालायचीस, तेव्हा काय वाईट झालं गं? लाव ना, काकी."

काका गेल्यापासून त्या हातांपुढे कुणी गाल केला नव्हता. काकीची बोटं पुढे झाली. हळद लागली, आणि मग ती चुलीपाशीच हमसून हमसून रडली.

मांडवात तो आवाज स्वच्छ ऐकू येत होता. एकही बाई जागची उठली नाही. कुणीतरी ढोलक ओढलं आणि जरा जोरातच वाजवायला घेतलं.