अंगठ्याएवढा भाऊ

भिंतीत खिळा ठोकून, त्याला दोरा बांधून नेन्चोने ओल्या गिलाव्यावर पहिली रेघ उमटवली, तेव्हाच त्याला वाटलं होतं की हे चित्र आपलं नाव काढणार. फ्लॉरेन्सच्या तरुण चित्रकारांना तेव्हा चित्रात खोली दाखवण्याच्या या नव्या विद्येचं वेड लागलं होतं. नेन्चोचे केस पिकले होते, पण वेडात तो कुणाला हार जाणारा नव्हता. फरशीच्या, खांबांच्या, कमानीच्या सगळ्या रेषा त्या एका खिळ्याकडे धावत सुटल्या आणि चर्चच्या सपाट भिंतीत खोलच्या खोल दालन उघडलं.

चित्र होतं आर्नो नदीकाठच्या, कापड रंगवणाऱ्या दोन रंगारी भावांचं. थोरला उगोलिनो, धाकटा बाल्दो. दोघांनी मेरीमातेपुढे गुडघे टेकलेले चित्रात दिसावेत, ही त्यांच्या आईची शेवटची इच्छा. पंचाईत एवढीच, की बापाच्या अंत्ययात्रेत पुढे कुणी चालायचं यावरून दोघांचं बिनसलं होतं आणि तेव्हापासून अबोला होता. एकाच नदीत कापड धुवायचे, पण एकमेकांकडे पाठ करून.

बोलत नाहीत, तर लांब लांब ठेवलेलेच बरे, असा नेन्चोने विचार केला. शिवाय खोली दाखवायला मागे कुणीतरी हवंच होतं.

चित्र पुरं झालं आणि दोघा भावांसमोर त्यावरचा पडदा निघाला. उगोलिनो अगदी पुढे, लाल झग्यात ऐसपैस. बाल्दो पार मागे, खांबाच्या बुडाशी.

"हा मी?" बाल्दो ओरडला. "मला वाटलं मांजर बसलंय!"

"बाल्दोशेठ, तुम्ही लांब आहात, म्हणून लहान दिसता."

"पण लांब बसवलं कुणी? जन्माला तो आधी, बापाच्या अंत्ययात्रेत तो आधी, आता देवाच्या दारातही तोच आधी!"

उगोलिनो छताकडे बघत म्हणाला, "उस्ताद, त्याला सांगा, मला चित्र पसंत आहे."

"त्याला सांगा, असणारच!"

नेन्चोला राग आला तो विद्येच्या अपमानाचा. त्याने बाल्दोला दंडाला धरून दाराशी उभं केलं आणि उगोलिनोला वेदीपाशी पिटाळलं. "आता एक डोळा मिटा. अंगठा समोर धरा. भाऊ केवढा दिसतो?"

बाल्दोने डोळा मिटला. अंगठा पुढे, मागे केला. मग त्याचं पोट हलायला लागलं. "अहो, टोपीसकट मावतोय की! अंगठ्यामागे अख्खा उगोलिनो! दादा, ए दादा, जरा हात हलव!"

वेदीपाशी उगोलिनोचा हात आपोआप वर गेला. मग आपण काय करतोय हे लक्षात येऊन तो तरातरा चालत आला. "हसायला काय झालं? सरक बाजूला, मला बघू दे. तू जा तिकडे."

बाल्दो हसत हसत वेदीकडे गेला. उगोलिनोने अंगठा धरला. नेन्चो त्याच्या चेहऱ्याकडे बघत होता. उगोलिनो काही हसला नाही.

"एवढासाच होता," तो हळूच म्हणाला. "निळीच्या पिंपात पडला होता तेव्हा. मीच काढला बाहेर. महिनाभर निळा होता गाढव." त्याने अंगठा खाली केला. "उस्ताद, याला इतक्या लांब का टाकलंत?"

"शेठ, चित्राची खोली..."

"खोली राहू दे. त्याला माझ्याशेजारी आणा."

नेन्चोने कपाळाला हात लावला. आपली विद्या खरी आहे हे त्याने इतकं चोख पटवलं होतं, की तिचा सगळ्यात देखणा भाग आता आपल्याच हाताने खरवडायचा होता. दोन दिवस तो चिडचिड करत छिन्नी चालवत राहिला. मागचा बाल्दो गेला, त्या जागी उघडं दार आणि आभाळाचा तुकडा आला. पुढे, थोरल्याच्या खांद्याला खांदा लावून, नवा बाल्दो बसला. तिसऱ्या दिवशी लांब उभं राहून नेन्चोने बघितलं. आता नजर आधी दोघांवर थांबत होती आणि मग त्यांच्यामधून थेट आभाळात जात होती. च्यायला, हे बरं झालं, तो मनाशी म्हणाला.

रविवारी प्रार्थना चालू असताना मागून कुजबुज ऐकू आली.

"दादा, तुझं नाक जास्तच मोठं काढलंय."

"मोठं नाही. जवळ आहे."

दोघं असे खिदळले, की पाद्रीबाबांनी मंत्र थांबवून वळून बघितलं.