रत्नपाल दगड झाला तेव्हा

१९९९ साली भंडारा जिल्हा फुटून गोंदिया जिल्हा झाला तेव्हा माझा मुलगा रत्नपाल पाट्या रंगवायचा. शाळा, दवाखाने, पंचायती फिरून त्याने भंडारा पुसून गोंदिया लिहिलं. घरी येऊन म्हणाला, "माय, ब्रश हाती असला का जिल्हाबी बदलते." तेव्हापासून त्याला चैन नव्हतं. एक साहेब कधीच जागेवर सापडेना, म्हणून हा सौंदडच्या बाजारात रिकामी खुर्ची डोक्यावर घेऊन दिवसभर फिरला. लोक पोट धरून हसले. सोमवारी साहेब खुर्चीत होता.

मी त्याच काळात विहारातल्या वर्गात अक्षरं शिकले, पंचावन्नाव्या वर्षी.

पुढे हायवे रुंद झाला आणि कोहमाऱ्याच्या अलीकडचा आमच्या कवडीटोल्याचं नाव नि अंतर सांगणारा दगड उपटला गेला. शेजारच्या चंदाला बाळंतपणासाठी न्यायला आलेली गाडी वळण चुकून पार देवरीला गेली. चंदा वाचली, पण थोडक्यात. तीन अर्ज करूनही दगड आला नाही. रत्नपाल म्हणाला, "मंग मीच दगड होतो."

अंगाला घर पोतारतात ती पांढरी छुई माती, डोक्याला पिवळा रंग. कोळसा त्याने माझ्या हाती दिला.

"मी काऊन? पेंटर तू हायस."

"माहं अक्षर पाटीवालं हाय. तुहं गावचं हाय."

त्याच्या छातीवर मी लिहिलं, कवडीटोला २. उपटलेल्या दगडाच्या खड्ड्यात तो उभा राहिला. दगड बोलत नाही, हा त्याचा नियम.

माझा दीर बिसराम सायकल थांबवून म्हणाला, "रत्नपाल, कुत्रा पाय वर करन, हालजो नोको."

रत्नपाल हसलाही नाही. माती तडकली असती.

तिसऱ्या दिवशी रस्त्याचा इंजिनियर जीप घेऊन आला. "चलो भाई, हो जाएगा. हा बोलत का नाही?"

"दगड हाय," मी म्हटलं. "माह्यासंगं बोला."

त्याने बॉनेटवर कागद लिहिला आणि पेनाची शाई माझ्या अंगठ्याला लावायला लागला. मी हात मागे घेतला. कागद बोट ठेवून वाचला. वेळ लागला, मागे ट्रक भोंगे वाजवत होते. लिहिलं होतं, दगड लवकरच बसवण्यात येईल, तरी आंदोलन मागे घेत आहोत.

"लवकरच कोन्त्या तारखेले येते?"

त्याने रत्नपालकडे पाहिलं. रत्नपाल समोरच्या धानाच्या बांधीकडे पाहत होता. मग इंजिनियरने खोडून वीस तारीख टाकली. मी सही केली.

"आता याला हलवा, आजी."

"वीस तारखेपर्यंत हाच दगड राहील."

दुसऱ्याच दिवशी ट्रॅक्टरवरून दगड आला. मजुरांनी तो उतरवला, तेव्हा रत्नपालने खड्डा सोडला.

त्यानंतर त्याला असंच उभं राहून दाखवायला नागपूर, भोपाळ, दिल्लीची बोलावणी आली. धरणात बुडालेल्या गावांचा दगड होऊन तो मोठमोठ्या हॉलमध्ये उभा राहतो. दिल्लीला कार्यक्रम ठेवणाऱ्या बाईंनी विचारलं, अक्षरं कॉम्प्युटरवर काढून देऊ का? रत्नपालने माझं तिकीट मागितलं.

कोळसा मी घरूनच नेते.