धुऱ्यावरची माती

सहाव्या दिवशी टोपल्यांमधला गहू पिवळा पडला आणि तांड्यानं माझ्या पोरीला धरलं.

आमच्या बंजाऱ्यांच्या तीज सणात कुमारिका पोरी टोपलीत माती भरून गहू पेरतात, रोज पाणी घालतात आणि नऊ दिवस अळणी जेवतात. गहू हिरवागार आला तर वर्ष चांगलं. यंदा तो बोटभरही वाढला नाही. तांड्याच्या नायकाची आई भुरीबाई म्हणाली, "कोन्या तरी पोरीनं मीठ खाल्लं." मानोऱ्याच्या शाळेत जाणारी एकटी माझी वर्षाराणी, आणि शाळेत दुपारी खिचडी मिळते. म्हातारीला आयतंच सापडलं.

पोरगी मान खाली घालून बसली. हो नाही की नाही नाही. मला तिचाच राग आला.

दुपारी तणतणत वावरात गेलो. टोपल्यांची माती पोरी दरवर्षी माझ्या वावराच्या बांधावरून, या धुऱ्यावरूनच नेतात. तिथं गवताची काडी उरली नव्हती. मग ट्यूब पेटली. सोयाबीनचं तणनाशक गवत मारतं, आणि गहू गवताच्याच जातीचा. पंपात थोडं औषध उरलं होतं, वाया कशाला घालवा म्हणून मीच तिथं मारलं होतं. स्वतःच्या कानाखाली वाजवावीशी वाटली.

संध्याकाळी नायकाच्या दारात सगळ्यांसमोर सांगितलं, "मीठगीठ काई नाई. औषध म्या मारलं."

"मंग दुसऱ्याच्या वावरातली माती आन, सेवादास," भुरीबाई म्हणाली.

"कोनाच्या? भाऊसिंगनं मारलं, देवमननं मारलं, तुह्या पोरानं तं दोनदा मारलं. बिनऔषधाची टोपलीभर माती दाखव मले."

म्हातारी आपल्याच हातांकडं बघत राहिली. मला वाटलं, जिरवली.

घरी जाताना वर्षाराणीला विचारलं, "तू गप काहून बसली होती? औषधाचं तुले मालूम नोतं, पन मीठ नाई खाल्लं एवढं तं सांगाचं."

"मालूम होतं, बापू. गहू पिवळा पडला तवाच समजलं. पेरनीच्या वक्तीच म्या म्हनलं होतं, तेवढा धुरा तीजेसाठी सोडा. तुमी हो म्हनलं होतं."

मला आठवलं. बियाण्याची पिशवी फोडता फोडता मी हो म्हणालो होतो.

"मंग तवाच काहून नाई सांगतलं?"

"लोक तुमाले बोलले असते."

घरी येऊन तिनं अळणी भाकर घेतली आणि भिंतीशी बसली. अजून तीन दिवस बाकी होते. माझ्या ताटातली भाजी मी बाजूला सारली.