तीन ठोके

मित्रांनो, मी नटाच्या चेहऱ्याचे रंग ठेवायची एक जुनी पत्र्याची रंगपेटी आहे. फेब्रुवारीतल्या त्या गुरुवारपर्यंत मला मालक होते.

माझे मालक, नट अंसेल्म व्हेर्दिये, त्या दुपारी खिडकीशी बसले होते. त्यांची मुलगी ओदिल दर गुरुवारी येई आणि कांद्याचं सूप करी.

"बाबा, सूप निवतंय."

"निवू दे. गरम प्यायलं की नटाचा आवाज बसतो."

"तुमच्या चित्रपटांना आवाज होता कुठे?"

"म्हणून तर इतकी वर्षं खपून गेलो!"

हसत हसत त्यांनी वाडगा रिकामा केला. शुक्रवारी सकाळी ते उठलेच नाहीत.

तरुणपणी ते पॅरिसच्या नाटकांत राजे होत. तिथे पडदा उघडण्याआधी एक माणूस जाड दांडक्याने फळ्यांवर तीन ठोके देई. ते ऐकल्याशिवाय मालकांच्या तोंडून शब्द फुटत नसे. पुढे नाटकं कमी झाली आणि ते मूकपटांकडे वळले. काचेच्या छपराच्या स्टुडिओत पहिल्याच दिवशी राजाच्या मरणाचा प्रसंग होता, आणि ते नुसतेच उभे राहिले.

"अहो महाराज, कशाची वाट बघताय?" कॅमेरा फिरवणारा ओरडला.

"तीन ठोक्यांची."

"इथे कोण ठोकणार? फिल्म संपतेय, मरा लवकर!"

सगळे खो-खो हसले. मालकांनी मला जवळ ओढलं, झाकणावर स्वतःच तीन ठोके दिले आणि मग ते मेले. पुढे दर वेळी तसंच. माझ्या झाकणाला पोचा आहे तो त्याचाच.

एक चूक मात्र माझ्या पोटातली. नाटकातल्या सवयीने त्यांनी गालांना लाल रंग लावला होता. तेव्हाच्या फिल्मवर लाल रंग काळा उमटे. पडद्यावर राजाच्या गालांत दोन खड्डे दिसले. लोक हसले. मालकांच्या शेजारी बसलेली दहा वर्षांची ओदिल सगळ्यांत मोठ्यानं हसली.

मालक पिवळा रंग वापरायला शिकले, चांगली कामं करू लागले. पण ओदिलला त्यांनी पुन्हा कधी आपला चित्रपट बघायला नेलं नाही. तीही 'मला न्या' म्हणाली नाही. पडद्यावर नटांची नावं नसत. पुढे ती रिळंही वितळवून टाकली गेली. मी कपाटावर धूळ खात पडले.

मित्रांनो, माझी धूळ पुसाल तर बरंच वाटेल. पण कुणाचं काम आवडलं, तर त्याला ऐकू येतंय तोवर सांगा.

दफन करून आल्यावर ओदिलने मला खाली काढलं. पोच्यात बोट ठेवून पाहिलं. मग तिने तीन ठोके दिले.

"बाबा, तुमचा चित्रपटातला दीपगृहाचा रखवालदार मी पाहिला होता. चौदा वर्षांची होते. एकटीच गेले, चार वेळा. तुम्ही दिवा लावून कोसळलात, तेव्हा शेजारची बाई रडत म्हणाली, 'कोण गं हा नट?' मी गप्प बसले."

ती उठून उभी राहिली आणि रिकाम्या खोलीत मोठ्यानं म्हणाली,

"बाई, ते माझे बाबा आहेत."